गोगलगाईंची खबर

हिप्पळवाडी, ता. मुखेड
१२ जुलै

चि. नरसिंग,

बारा दिवस झाले, तू माझा फोन उचलत नाहीस. रत्नम्मा उचलते, "अक्का, त्यांनी रोपांकडं गेलेत," म्हणते, आणि तिच्या मागून तुझा खोकला ऐकू येतो. नवऱ्याच्या सांगण्यावरून त्या बिचारीनं रोज किती खोटं बोलावं? म्हणून हे पत्र. फाडणार असशील तरी फाडायच्या आधी माणूस एक नजर टाकतोच.

तुझ्या रोपवाटिकेचं नाव मीच सांगितलं. कसं घडलं ते नीट ऐक.

सोयाबीन नुकतंच दोन पानांवर आलं होतं. सतरा जूनच्या सकाळी शेतात गेले तर बांधाकडची चार तासं, ओळीच्या ओळी, कात्रीनं कापल्यासारखी साफ. मातीवर चकाकणारी ओली रेघ. रेघेच्या मागं मागं गेले, ती थांबली मागच्या पावसाळ्यात तू दिलेल्या सीताफळाच्या रोपांपाशी. पानाखाली गोगलगाय. आपल्याकडची गोगलगाय बोटाच्या पेराएवढी असते. ही माझ्या मुठीएवढी होती.

सांडशीनं उचलून स्टीलच्या डब्यात टाकली, वर मीठ ओतलं, झाकण लावलं. नऊ दिवस कुणाला बोलले नाही. रोज दिवस उगवायला एकटीच जायचे आणि सापडतील तेवढ्या वेचायचे. तुझी रोपं होती ना, म्हणून गप्प राहिले. दहाव्या दिवशी शेजारचे मलप्पा मामा उपरण्यात काहीतरी गुंडाळून माझ्या दारात आले.

"बाई, ह्याला काय म्हनावं? शंख म्हनावं तर ह्यो चालून राहिला."

मग मात्र मी कृषी सहायक वर्षाराणीला फोन केला. लातूरची पोरगी आहे, पंचवीस-सव्वीसची, पण कामाला पक्की. स्कुटीवर आली, पट्टी लावून शंख मोजला, मोबाईलवर फोटो काढले. म्हणाली, "काकू, ही आफ्रिकेची शंखी गोगलगाय. लातूरकडं हिनं शिवारंच्या शिवारं खाल्लीत. आपल्या भागात ही पहिलीच नोंद. एका खेपेला दीड-दोनशे अंडी घालते. आज कळवलं तर शिवार वाचंल. महिन्यानं कळवून उपयोग न्हाई." मग तिनं विचारलं, "दोन-तीन वर्षांत बाहेरून काय आणलंवतं? रोपं, खत, माती, विटा?"

मी म्हणाले, "रोपं. देवणीहून, भावाच्या रोपवाटिकेतून."

दोन दिवसांनी ते लोक तुझ्या फाटकात आले. हिरव्या जाळीखाली अकरा सापडल्या. रोपांची विक्री बंद झाली. कुणीतरी व्हिडिओ काढला, 'गोगलगाईची नर्सरी' असं नाव दिलं, आणि तो मुखेडपासून उदगीरपर्यंत फिरला. मीही पाहिला. त्यात तू फाटकाची कडी धरून उभा आहेस.

पण मी चुकले असं लिहिणार नाही. अंगणवाडीत अठ्ठावीस वर्षं मी आयांना एकच सांगत आले, लेकराचं वजन कमी भरलं तर कार्डावर खरं तेच लिहू द्या. लपवलं तर लेकरू सुधारत नसतं.

रागव. पण जेवून रागव.

तुझी
गुणाक्का


हिप्पळवाडी
२८ जुलै

चि. नरसिंग,

उत्तर येणार नाही हे मला माहीत होतं. तरी पोस्टमन दिसला की उगाच ओसरीवर येऊन उभी राहते.

इकडची हकीगत सांगते. रोज सकाळी सहाला आम्ही चाळीस-पन्नास माणसं शिवारात असतो. आदल्या दिवशी सांजेला गुळाच्या पाण्यात भिजवलेली गोणपाटं तासातासांत टाकून ठेवायची. सकाळी उलटली की खाली ह्या चिकटलेल्या. हातात प्लास्टिकच्या पिशव्या घालायच्या, वेचायच्या, मिठाच्या पाण्याच्या बादलीत टाकायच्या, मग खड्ड्यात चुना घालून पुरायच्या. बांधाच्या कडेनं चुन्याची पांढरी पट्टी ओढायची. पहिले चार दिवस बायका शहारत होत्या. आता मेथी निवडल्यासारख्या गप्पा मारत वेचतात.

खरं सांगू? मला हे दिवस आवडून राहिलेत. निवृत्त झाल्यापासून सकाळी सहाला माझी वाट कुणी बघत नव्हतं.

मलप्पा मामांची गंमत ऐक. गळ्यात लिंग, श्रावण तोंडावर आलेला, ते जीव मारणार नाहीत. पहिल्या दिवशी बांधावर बसून म्हणाले, "सगळी शिवाचीच लेकरं हायत, बाई." मी म्हणाले, "मामा, शिवाची ही लेकरं तुमचं सोयाबीन खाऊन राहिलीत." मग म्हणाले, "मारनार न्हाई. पर बोलवून आनतो." तेव्हापासून गुळाची गोणपाटं टाकायचं काम त्यांचं. पाहुण्याला सतरंजी अंथरावी तशी अंथरतात, एक सुरकुती राहू देत नाहीत. सकाळी बादल्या भरायच्या वेळी तोंड फिरवून उगवतीकडं बघत उभे राहतात.

वर्षाराणीनं परवा मोबाईलवर नकाशा दाखवला. सबंध राज्याचा. जिथून जिथून खबर गेली तिथं लाल ठिपका. त्यावरून म्हणे पुण्यातल्या मोठ्या साहेबांना कळतं की ही कुठून कुठं सरकते आणि पुढं कुणाला सावध करायचं. आपलं गाव कुठल्या नकाशात मी आजवर पाहिलं नव्हतं. बायका ठिपका बघायला एकमेकींच्या खांद्यावरून वाकल्या. त्याच्या खाली, देवणीपाशी, आणखी एक ठिपका होता. तेवढ्यात मला बादली उचलायची आठवण झाली.

सगळं शिवार दोनदा वेचून झालं. माझ्या शेताचा उत्तरेकडचा कोपरा तेवढा राहिलाय. तिथं मी कुणाला जाऊ देत नाही. साप निघतात.

रत्नम्माला सांग, तिनं दिलेलं शेंगाचटणीचं वाटण अजून पुरवून खाते आहे.

गुणाक्का


हिप्पळवाडी
११ ऑगस्ट

नरसिंग,

परवा पंचमी झाली. लग्न झाल्यापासून अशी एक पंचमी गेली नाही की तू मला न्यायला आला नाहीस. दोन वर्षांमागं तापात होतास तरी आलतास. या वेळी मी पिशवी भरली नव्हती, पण नवं लुगडं नेसून बसले होते.

पंचमीला माती उकरायची नाही, चिरायचं नाही, कापायचं नाही, म्हणून गावानं त्या दिवशी खड्डेही खोदले नाहीत. गोगलगाईंनाही सुट्टी. दुपारी वर्षाराणी आली. तिलाही सुट्टीच होती, तरी आली. पिशवीतून दोन शंख काढून तिनं ओसरीवर शेजारी शेजारी ठेवले.

"काकू, हा लहान तुमच्या भावाकडचा. तिथले सगळे असेच, एका हंगामाचे. हा तुमच्याकडचा. ह्याचे वेढे बघा, काठ बघा कसा जाड झालाय. दोन-तीन पावसाळे खाल्लेला हाय ह्यो. आता मला सांगा, भावाच्या रोपांसोबत ह्या आल्या म्हणता, ती रोपं आली मागच्या साली. मग लेकरू आईपेक्षा मोठं कसं?"

मी तिला लाह्या दिल्या. गूळ दिला. दुसरं काही दिलं नाही. ती खाऊन, "येते काकू," म्हणून गेली. ओरडली असती तर बरं झालं असतं.

आता तुला सांगते. मागच्या पत्रात साप लिहिले. साप कसले? त्या कोपऱ्यात विटा आहेत.

तीन वर्षांमागं शिल्पाच्या सासरी, औशाकडं, जुनी भिंत पाडली. लेकीनं फोन केला, "आई, विटा चांगल्या हायत, म्हशीच्या गोठ्याला ने." एक ट्रॉली आणली. गोठा झाला, उरलेल्या विटा कोपऱ्यात उकिरड्याला लागून रचून ठेवल्या. दुसऱ्या उन्हाळ्यात त्या ढिगात मला एक रिकामा शंख सापडला. केवढा मोठा, आणि तपकिरी पट्टे असे सुरेख की जणू कुणी रंगवलेत. मी तो अंगणवाडीत नेला. लेकरं कानाला लावून म्हणायची, "बाई, समुद्र ऐकू येतो." शेवटच्या वर्षी माझ्या टेबलावर तोच होता.

जूनमधे पहिली गोगलगाय दिसली तेव्हाच मला तो शंख आठवला होता. आणि त्या पोरीनं "विटा" असा शब्द उच्चारला त्याच घटकेला तो पुन्हा डोळ्यांपुढं आला. मागाहून नाही, त्याच घटकेला. आणि माझ्या तोंडून निघालं, "भावाच्या रोपवाटिकेतून."

नऊ दिवस मी तुझ्यासाठी गप्प होते असं लिहिलं, तेही खोटं. मी माझ्यासाठी गप्प होते. सगळ्या गावाला हात धुवायला शिकवणारी बाई, आणि कीड तिच्याच उकिरड्यातून निघाली असं कुणी म्हणू नये म्हणून.

आणि अजून एक, जे तुझ्या ध्यानात आलंच असेल आणि तू बोलला नसशील. दर वैशाखात माझ्या त्याच उकिरड्याची एक ट्रॉली तुझ्याकडं जाते. "माझ्या अक्काचं खत," म्हणून तू ते पिशव्यांत भरतोस. नरसिंग, तुझ्याकडून माझ्याकडं काही आलं नाही. माझ्याकडून तुझ्याकडं गेलं.

हे पत्र तुला मिळेल तोवर मी मुखेडला जाऊन हे सगळं लिहून दिलेलं असेल. आधी तुला लिहिते आहे, कारण आधी तुझं नाव घेतलं होतं.

गुणा


हिप्पळवाडी
१७ ऑगस्ट

चि. नरसिंग,

लिहून दिलं. तालुक्याच्या कृषी कार्यालयात दोन पानं लिहिली, विटा, शंख, खत, सगळं. साहेबांनी वाचलं. मी म्हणाले, "शिक्षा काय ती सांगा." ते म्हणाले, "बाई, हा गुन्ह्याचा कागद न्हाई. कीड कुठल्या वाटेनं आली ते शोधायचा कागद हाय. तुम्ही वाट दाखवली." औशाकडच्या त्या गावालाही त्यांनी लगेच फोन लावला. तुझ्याबद्दल विचारलं तर म्हणाले, कीड कुणीही आणो, रोपवाटिका साफ झाली, पुन्हा तपासणी झाली की विक्री सुरू. तोवर नाही. ते मला पटलं. तुलाही पटेल, राग उतरल्यावर.

पण कागद कपाटात राहतो आणि तुझी बदनामी तर मोबाईलवर फिरली. म्हणून पंधरा ऑगस्टला झेंडावंदन झाल्यावर ग्रामसभेत मी माईक मागितला. लोकांना वाटलं, बाई दरवर्षीसारखं स्वच्छतेवर बोलणार. मी सांगितलं, "ही कीड माझ्या विटांतून आली. माझ्या भावाच्या रोपवाटिकेतून न्हाई. मला ते पहिल्या दिवसापासून माहीत होतं आणि मी लपवलं."

मागं कुणीतरी हसलं. मी माईक टेबलावर ठेवला.

मग मलप्पा मामा उठले. धोतर सावरलं. म्हणाले, "विटा कुठं हायत? उन्हं चढायच्या आत चला."

आणि निघाले की रे सगळे! पांढरी कापडं, छातीवर झेंड्याचा बिल्ला, तसेच. एकेक वीट उचलली. फटीफटीत त्या तोंडाला पापुद्रा लावून झोपलेल्या. खाली भुसभुशीत मातीत अंडी, साबुदाणा सांडल्यासारखी. बायकांनी "बया बया" केलं आणि खाली बसल्या. सगळा उकिरडा उपसला. मामा नेहमीसारखे उगवतीकडं तोंड करून उभे होते. शेवटी खड्डा भरला तेव्हा वळले, चुन्याचं घमेलं माझ्या हातातून घेतलं, डोळे मिटून "शिवा, आता तूच बघ," म्हणाले आणि स्वतः ओतलं. त्या दिवशी ते जेवले नाहीत. दुसऱ्या दिवशी मात्र सकाळी सहाला सगळ्यांच्या आधी हजर.

माझ्या बोलण्याचाही व्हिडिओ निघाला आहे. त्यात माझा पदर घसरलाय आणि आवाज चिरकतो. तरी तू बघ.

गुणाक्का


हिप्पळवाडी
९ सप्टेंबर

चि. नरसिंग,

न बोलावता आले, पाच दिवस राहिले, आणि तुला न विचारता निघाले. त्याबद्दल लिहायला हवं.

एसटीतून उतरून फाटकात आले तेव्हा तू पाईप घेऊन उभा होतास. माझ्याकडं बघितलंस, पाईप खाली ठेवलास आणि आत गेलास. परत जावं असं मनात आलं. पण रत्नम्मा धावत आली, "बरी अक्का, बरी," म्हणत माझी पिशवी काढून घेतली. इतक्या वर्षांत मराठी शिकली, तरी आनंद झाला की 'या'च्या जागी तिच्या तोंडून कानडी 'बरी'च निघतं.

पाच दिवस तू एका टोकाला, मी दुसऱ्या. मधे तुझी हजारो रोपं. प्रत्येक पिशवी उचलायची, बूड बघायचं, वरची माती बोटानं चाचपायची. उरलेलं खत काळ्या प्लास्टिकवर पसरून उन्हात तापवायचं. जाळीच्या कडेला, माठाच्या बुडाखाली, पाईपच्या वेटोळ्यात, सगळीकडं हात घालायचा. किती निगुतीनं ठेवतोस रे तू सगळं! आंब्याच्या प्रत्येक कलमाला तारखेची चिठ्ठी. हे सगळं मी एका शब्दानं बंद पाडलं होतं.

चौथ्या दिवशी मी लिंबाच्या रोपांत चुना टाकत होते तर मागून आवाज आला. "अक्का, तिथं चुना नको. मुळ्या जळतील. राख टाक."

मी वळले तोवर तू राखेची बादली ठेवून निघून गेला होतास. मी राख टाकली. डोळ्यांत गेली म्हणून बराच वेळ पुसत बसले.

निघताना तू बाजारात गेला होतास. फाटकावर तू लाल रंगानं नवी पाटी लिहिलीस ती बघितली. 'गोगलगाय दिसल्यास कळवा', खाली वर्षाराणीचा आणि तुमच्याकडच्या कृषी सहायकाचा नंबर. अक्षर अजूनही उजवीकडं झुकतं तुझं. गाडीत बसवताना रत्नम्मा कानाशी म्हणाली, "अक्का, त्यांनी तुमचा व्हिडिओ चार डाव बघितले. लाईट बंद करून."

बोल किंवा बोलू नकोस. मी काही मागत नाही. हाताला अजून तुझ्या रोपांचा वास आहे.

गुणाक्का


हिप्पळवाडी
२४ ऑक्टोबर

चि. नरसिंग,

परवापासून फोनवर बोलणं होतं, मग पत्र कशाला, असं रत्नम्मा म्हणेल. सवय लागली म्हण. शिवाय काही गोष्टी फोनवर मी बोलत नाही आणि तूही बोलत नाहीस.

परवा मळणी यंत्र शेतात उभं होतं. बांधाकडची तासं गेली, बाकी सोयाबीन टपोरं आलं. मलप्पा मामांचं तर माझ्यापेक्षा चांगलं, आणि ते श्रेय गोणपाटांना देतात. धुळीनं तोंड माखलेलं, यंत्राचा गोंगाट, आणि फोन वाजला. तुझं नाव दिसलं तर आधी वाटलं रत्नम्माला काही झालं. ऐकू येईना म्हणून पळत बाभळीपाशी गेले.

"अक्का, गाडी आलीय," तू म्हणालास.

"कसली गाडी?"

"शोभेच्या झाडांची. लांबून मागवलीवती, आपली तपासणी पास झाली म्हणून. फाटकात उभी हाय. उतरवायच्या आधी चार पिशव्या उलट्या करून बघितल्या. तीन निघाल्या. नखाएवढ्या."

"उतरवलंस काही?"

"एक पान न्हाई. डायवर भांडून राहिला. म्हनतो, घेत नसशील तर परत नेतो."

"परत नेऊ देऊ नको, नरसिंग. तो परत नेत नसतो, पुढच्या गावात उतरवतो. गाडी तिथंच राहू दे. त्याला जेवू घाल. तुमच्या कृषी सहायकाला फोन कर."

"हाव," म्हणालास. पण फोन ठेवला नाहीस. मला हसू आलं. म्हणाले, "नंबर तर तुझ्याच पाटीवर लिहिलाय की."

"माहीत हाय," तू म्हणालास. "आधी तुला सांगावं वाटलं."

इकडं यंत्र थांबलं होतं. सगळे माझ्याकडं बघत होते. मी त्यांना सांगितलं, भावाचा फोन होता. एवढंच सांगितलं, पण मलप्पा मामांनी डोक्यावरचं उपरणं काढून तोंड पुसलं आणि म्हणाले, "चला, आता चहा करा कुनीतरी."

पुढचं तुला माहीत आहे, पण मला लिहायचं आहे. दुपारी माणसं आली, गाडीला सील लावलं. तुमच्याकडून नंबर, फोटो, माल कुठून निघाला ते सगळं सांजेच्या आत पुण्याला गेलं. वर्षाराणी सांगत होती, त्याच ठिकाणचा माल राज्यात आणखी दोन रोपवाटिकांकडं निघाला होता. दोन्ही गाड्या उतरायच्या आधी थांबल्या. त्या दोन गावांना आपली नावं कधी कळणार नाहीत, आणि काय टळलं तेही कळणार नाही. अंगणवाडीत लस दिली की असंच वाटायचं मला. जे लेकरू आजारी पडलंच नाही, त्याचे आभार कोण मानणार? पण घरी येऊन गाढ झोप लागायची.

आता शेवटची गोष्ट. वर्षाराणीनं काल मला त्या नोंदीची प्रत मोबाईलवर दाखवली. 'माहिती देणाऱ्याचे नाव' या रकान्यात तुझं नाव आहे, आणि त्याच्या खाली माझं. मी म्हणाले, हे चुकलं, मी तिथं नव्हतेच, मी वीस कोसांवर मळणी करून राहिले होते. ती म्हणाली, "काकू, आमच्या माणसानंही तेच सांगितलं तुमच्या भावाला. ते म्हणाले, दोन्ही नावं लिहा, न्हाईतर सही करनार न्हाई."

सरकारी कागदावर खरं तेच लिहावं, हे मी आयुष्यभर सांगत आले आणि या साली स्वतःच मोडून बसले. नियमानं ते नाव खोडायला सांगायला हवं.

नाही सांगणार.

तुझी
अक्का